ओली कोथिंबीर

“माय, ओली जुडी नको नेऊ. माझी धुळीची हाये, पन घरी धुशील,” असं भाजीवाली धुरपदाबाई म्हणाली, तेव्हा सुनंदानं ते कानाआड केलं. म्हातारीचा माल खपत नाही, म्हणून शेजारच्या तोतारामावर जळते, झालं. सावद्याच्या बाजारात तोतारामाच्या कोथिंबिरीच्या जुड्या कशा चकाकत असायच्या. सुनंदा बी.एस्सी. झालेली, धूळ म्हणजे घाण, हे तिला पक्कं ठाऊक. ती तोतारामाची जुडी घेई आणि कडेवरच्या मनूला तिथंच एक काडी चघळायला देई.

सत्त्याऐंशीत पोळ्यानंतर मनूला हगवण लागली. तीन सलाइन झाल्या. “पाणी उकळता ना?” डॉक्टरांनी विचारलं, तेव्हा सुनंदा दुखावली. उकळून, गाळून, झाकून ठेवणारी बाई ती.

पोर उठून बसल्यावर पहिल्याच बाजारात मनूला शू लागली, म्हणून सुनंदा तिला घेऊन पालांच्या मागे गेली. मागे गटार. वरच्या अंगाला मुतारी, खाली कोंबड्यांची पिसं आणि हिरवट फेस. त्या फेसात धुरपदाबाई उकिडवी बसून जुड्या बुचकळत होती. बुचकळी, झटकी, चिकटलेलं पीस नखानं काढी आणि टोपलीत रची.

सुनंदा पुढे झाली. “आजी, तुम्ही? तुम्हीच तर मला...”

“सांगतलं होतं नं तुले,” म्हातारी मान न वळवता म्हणाली. “आयकलं का कोनी? तीन बाजार माल घरी नेला, बकरीनं खाल्ला. तोताराम काय, मी काय, बठ्ठा बाजार इठीच धुतो.” मग वळून तिनं ओल्या बोटांनी मनूचा गाल धरला. “पोर वाळली वं माय.”

सुनंदानं तो गाल पदरानं लाल होईपर्यंत पुसला. त्या फेसापेक्षा तिला स्वतःच्या हाताचीच शिसारी आली. काडी त्याच हातानं मोडून दिली होती.

पुढे आली, तर तोतारामापाशी एक लेकुरवाळी जुडी नाकाशी धरून उभी. “ताई, ओली नका घेऊ,” सुनंदा म्हणाली. बाईनं तिच्याकडे बघितलं, सुनंदानं धुरपदाबाईकडे बघितलं होतं तसं, आणि पोराच्या हातात काडी दिली.

म्हणून सुनंदाचं तुम्हाला एवढंच मागणं: बाजारातून निघताना कडेवरचं लेकरू काय चघळतंय, तेवढं बघा.