लुआनाच्या पायाखालचा चौरंग

अहो, इकडे! मूर्ती नंतर बघा, आधी जरा तिच्या खाली बघा. बोलतोय तो मी, चौरंग. अस्सल सागवानी, वर पितळी पत्रा, जन्म नागपूरच्या महालातला आणि मुक्काम पोस्ट कॅरी, नॉर्थ कॅरोलायना.

सुताराने मला घडवतानाच सांगितलं होतं, "तुझ्यावर देव बसणार आहे." त्यामुळे अंगात थोडा शिष्टपणा आहे, तेवढा चालवून घ्या. रत्नाकाकूंनी मला जुन्या साडीत गुंडाळून बॅगेतून अमेरिकेत आणलं. विमानतळावरच्या अधिकाऱ्याने विचारलं, हे काय आहे? काकू म्हणाल्या, "गॉड्स चेअर." त्याने मला इतक्या अलगद परत बॅगेत ठेवलं की मला तो माणूस आवडूनच गेला.

काकूंचे यजमान राजेशकाका औषधांच्या कंपनीत, मुलगी आसावरी शाळेत. आसावरीची जिवाभावाची मैत्रीण म्हणजे लुआना. जन्म ब्राझीलचा, अगदी लहानपणी आईबरोबर इकडे आलेली. आई मार्लीताई लोकांची घरं साफ करायच्या. त्यांना यायला उशीर झाला की लुआना आमच्याकडे वरणभात जेवायची, तोही वर लिंबू पिळून. पुढे पोरगी रीतसर इथली नागरिक झाली, कॉलेज शिकली. उंचीने मात्र तिला दगा दिला. चौथीत होती त्याहून फारशी वाढलीच नाही म्हणा ना!

आणि हिला सुचली निवडणूक. टाउन कौन्सिलची. लायब्ररीच्या हॉलमध्ये पहिली सभा होती आणि भाषणाचा डेस्क हा एवढा उंच. मागे उभी राहिली तर फक्त केस दिसायला लागले. लोक हसले. आसावरी तडक गाडी काढून घरी आली, देवघराशेजारी मी रिकामा दिसलो, मला उचललं आणि निघाली. काकू तेव्हा भाजी आणायला गेल्या होत्या, नाहीतर बिशाद होती का तिची?

लुआनाने मला लगेच ओळखलं. काकूंच्या घरात वाढलेली ती. कुणी न सांगता बूट काढले आणि मोज्यांनी माझ्यावर चढली. मी तर हादरलोच. देव सोडून माझ्यावर कुणी कधी उभं राहिलं नव्हतं. पण मग ती बोलायला लागली. "माझी आई रोज कामाला रस्त्याकडेच्या गवतातून चालत जाते. आमच्या वस्तीला फुटपाथ नाही." आवाज थरथरत नव्हता, पाय थरथरत होते. ते फक्त मला कळत होतं. मग काय, मीही घट्ट उभा राहिलो.

ती निवडून आली. पेपरात त्या सभेचा फोटो आला, त्यात तिच्यापेक्षा मीच स्पष्ट दिसत होतो, आणि घरात महाभारत झालं.

"देवाच्या चौरंगावर पाय? आसावरी, लाज नाही वाटली?"

"आई, तिने शूज काढले होते यार!"

काकूंनी चष्मा लावून फोटो जवळ धरला. मग म्हणाल्या, "मोजे तरी धुतलेले होते ना?" आणि वर अट घातली: वर्षभर कुठेही न्या, गणपतीत चौरंग घरी पाहिजे.

तिथून माझी वरात सुरू झाली. गावातून ती राज्याच्या विधानसभेत गेली, राजधानीत, रालेला. चर्चच्या तळघरात, कारखान्याच्या फाटकाशी, कुणाच्या गॅरेजमध्ये, जिथे लुआना तिथे मी. फुटपाथ झाला, मार्लीताईच्या वस्तीत बस यायला लागली. लोक म्हणायचे, ही पोरगी किती मोठी झाली! मी मनात म्हणायचो, कुणामुळे रे बाबांनो? गर्व झाला होता मला, खोटं कशाला बोलू?

मग ती उभी राहिली थेट देशाच्या काँग्रेससाठी, म्हणजे इथल्या संसदेसाठी. समोरचा उमेदवार सव्वासहा फुटांचा, आवाज ढोलासारखा. त्याचे लोक टीव्हीवर सारखे एकच म्हणायचे, "छान मुलगी आहे, पण वॉशिंग्टनमध्ये हरवून जाईल." लोकांना ते पटायलाही लागलं होतं. सगळी मदार आता टीव्हीवरच्या एकमेव डिबेटवर होती. ती होती रविवारी. आमचा गणपती दीड दिवसाचा, शुक्रवारी बसून शनिवारी उठणार. म्हणजे रविवारी मी मोकळा. आसावरीने सगळं नीट जुळवून ठेवलं होतं.

शुक्रवारी सकाळी प्राणप्रतिष्ठा झाली, आरती झाली, आणि दुपारी आसावरीचा फोन वाजला. रविवारी वादळ येणार म्हणून डिबेट प्रीपोन केली होती. आज संध्याकाळी!

सगळे माझ्याकडे बघायला लागले. माझ्यावर गणपती बसलेला. एकदा मूर्ती बसली की उत्तरपूजेपर्यंत ती हलवायची नाही, हे लहान पोरालाही ठाऊक असतं. आसावरीने कॅरीतल्या ओळखीच्या सगळ्या मराठी घरांत फोन लावले. चौरंग सगळ्यांकडे होते, पण त्या दिवशी सगळ्यांवर गणपती बसलेले! शेवटी तिने लाँड्रीतलं प्लॅस्टिकचं स्टूल उचललं. निघायच्या आधी लुआना दर्शनाला आली. काकूंनी तिचा हात धरला.

"लुआना, बाळा, मला नाही गं हलवता येत..."

"काकू, डोन्ट इव्हन थिंक अबाउट इट," ती म्हणाली, वाकून नमस्कार केला आणि मोदक खात खात गाडीत बसली.

देव वर बसलेला, प्रसादाचा वास सुटलेला, आणि मला एकच दिसत होतं: आज ही हरली तर माझ्यामुळे. जायचं होतं तेव्हाच मी अडकून पडलो.

संध्याकाळी टीव्ही लागला. मार्लीताईही आमच्याकडेच आल्या होत्या, काकूंचा हात धरून बसल्या. पडद्यावर लुआना आली, बूट काढून स्टुलावर चढली. स्टूल डगमगलं. ती उतरली. डेस्कवर नुसते केस. कुणीतरी हसलं. काकूंनी डोळे मिटले.

लुआनाने माइक स्टँडवरून काढला आणि सरळ डेस्कच्या पुढे आली. स्टेजच्या कडेशी, तशीच मोज्यांवर. म्हणाली, "हो, माझ्याकडे बघायला खाली बघावं लागतं. वॉशिंग्टनला ती सवय नाही. चला, लावू या." हॉल टाळ्यांनी दणाणला. पुढचा तासभर ती चालत, हातवारे करत, लोकांच्या डोळ्यांत बघत बोलली. सव्वासहा फुटांचे साहेब डेस्कमागे कागद चाळत राहिले.

आणि मी? आधी थोडं वाईट वाटलं, हिला माझी गरजच नव्हती की! पण लगेच असं हलकं वाटलं म्हणून सांगू! इतकी वर्षं मला वाटायचं, मी सरकलो की ही पडली. कसलं ओझं घेऊन फिरत होतो मी! जीव भांड्यात पडला माझा. त्या रात्री गणपतीचं वजनही जाणवलं नाही.

नोव्हेंबरात ती निवडून आली. वॉशिंग्टनला निघायच्या दिवशी काकूंनी तिला घरी बोलावलं, मला हॉलच्या मध्यभागी मांडलं, भोवती रांगोळी काढली. म्हणाल्या, "बस."

लुआना गोंधळली. "स्टँड?"

"नाही गं. बस. आज तुझं औक्षण."

ती बसली. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच ती माझ्यावर बसली, आणि तिचे पाय जमिनीला टेकले. पाय अजिबात थरथरत नव्हते. काकूंनी कुंकू लावलं, तबक उचललं, आणि एकदम थांबून ते मार्लीताईंच्या हातात दिलं. "तुमची लेक आहे. तुम्ही ओवाळा."

मार्लीताईंनी आधी छातीवर क्रूसाची खूण केली. मग ओवाळायला लागल्या, चक्क उलट्या दिशेने. आसावरी सांगायला पुढे झाली, तर काकूंनी तिचा हात धरून तिला मागे ओढलं. निरांजन उलटं फिरत राहिलं, मार्लीताई रडत रडत त्यांच्या भाषेत काहीतरी पुटपुटत राहिल्या. आसावरीने हळूच विचारलं, "काय म्हणतायत?"

लुआना डोळे पुसत म्हणाली, "देवाबरोबर जा म्हणतेय."

जा, पोरी. मी काही येत नाही आता.