वारुळातला हुंकार

कळसाडीच्या शिवारात उसाच्या बांधाला एक वारूळ होतं. ते बोलतं अशी आवई उठली आणि दर मंगळवारी तिथे पाय ठेवायला जागा उरेना. नारळांचा ढीग, अगरबत्त्यांचा धूर आणि मधोमध गादीवर पवनबाबा.

"वारुळातली माय खालच्या आवाजात बोलली तर होकार, वरच्या आवाजात बोलली तर कोप," बाबा सांगत होता. "डॉक्टर नाडी बघतो, माय नशीब बघते. फरक ओळखा."

मागच्या मंगळवारी गावातल्या भिलाने याच गादीपुढे विचारलं होतं, "माय, पोरनी गोया बंद करू?" वारुळातून फाटका, लांबलचक हुंकार आला. खालचा आवाज, म्हणजे होकार. भिलाने लेक स्वप्नालीच्या फेफऱ्याच्या गोळ्या बंद केल्या. चार दिवसांत पोरीला चुलीजवळच झटका आला आणि तळहात भाजला.

आज तो हात फडक्यात बांधूनच तिला पुन्हा आणलं होतं. बाबाने घंटा हलवली. वारूळ किंचाळलं.

"तू मनात शंका घेतलीस, म्हणून माय रुसली," बाबा म्हणाला. भिलाने कान धरले.

शेवटच्या रांगेत शाळेच्या निर्मलाबाई उभ्या होत्या. गावातल्या तीन पिढ्यांकडून त्यांनी मुळाक्षरं गिरवून घेतली होती. भिलाकडूनही. आवाज न चढवता.

स्वप्नाली त्यांना येऊन चिकटली. "बाई, माय दर वेळी शेवटी खरवडते. पत्र्यावर नख ओढल्यासारखं. कोप आला की तेच, पण भरभर."

निर्मलाबाईंनी तिच्याकडे पाहिलं. जिवंत गळ्यातून एकच आवाज हुबेहूब दोनदा निघत नाही. कुत्रंसुद्धा दर वेळी वेगळं भुंकतं. हुबेहूब तेच खरवडणं यंत्रातूनच येतं, आणि असा फाटका सूर त्यांनी गावातल्या वरातीत ऐकला होता.

त्या तडक भिलाला घेऊन त्याच्या घरी गेल्या. भिला लग्नाच्या बँडमध्ये कीबोर्ड वाजवायचा.

"वरातीत इलेक्ट्रिक गिटारचा तो फाटका सूर लावतोस ना? तो लाव. सगळ्यात खालची पट्टी दाब आणि धरून ठेव."

"आते, बाई?"

"आत्ताच."

भिलाने पट्टी दाबली. खोली हादरली आणि शेवटी तेच खरवडणं आलं. त्याने हात झटकला. "बाई, हाई ते मी दर वरातमा वाजाडस."

"वरच्या पट्टीत, ढोलाच्या गोंगाटात. नुसता कधी ऐकलाच नाहीस. कुणीतरी कुठेतरी खरी गिटार वाजवली, आवाज फाटेपर्यंत चढवला आणि तेवढा तुकडा ध्वनिमुद्रित केला. तारेवरून बोट घसरलं तेही त्यात राहिलं. खालची पट्टी तोच तुकडा सावकाश वाजवते, वरची भरभर."

बँडच्या हातगाडीवर कीबोर्ड, स्पीकर आणि बॅटरी चढवून ते गर्दीच्या पाठीमागे आले. भिलाने पट्टी दाबली. हुंकार उठला आणि सगळी गर्दी वारुळापुढे आडवी झाली.

"उठा," निर्मलाबाई म्हणाल्या. "आणि मागे वळा. तुम्ही भिलाच्या बोटाच्या पाया पडलात."

बाबा घाईने म्हणाला, "मायला बहीण आहे, ती उत्तर देतेय."

"बहिणीचंही नख तेवढंच वाढलंय?" मागून कुणी बाई बोलली. हसू पसरलं.

भिलाने गादी ओढली. बाबाच्या पायाखाली रबरी बटणांची, दाबली की हाच सूर वाजवणारी चपटी पेटी होती आणि तिची वायर वारुळात शिरली होती. पोकळ वारुळात स्पीकर. नागाच्या भीतीने आजवर कुणी हात घातला नव्हता.

"गोळ्या कुठे आहेत?" निर्मलाबाईंनी भिलाला विचारलं.

"प्रकाशा गावले, तापी नदीमा सोडी दिन्यात." तो मान वर करेना.

"मग आत्ता सरकारी दवाखान्यात चल. नव्या घेऊ, हातही दाखवू."

पोलिसांना फोन लावून त्या गर्दीकडे वळल्या.

"या सुरावर तुम्ही सगळे नाचलात आणि त्याच सुरावर एका लेकराचं औषध तोडलंत. पोरीला झटके येतात तरी तिने कान उघडे ठेवले, तुम्ही धडधाकट असून ते मिटलेत. नमस्कार करण्याआधी एकदा विचारत जा, हा आवाज येतो कुठून. विचारलं म्हणून देव रुसत नाही. रुसतो तो गादीवर बसलेला माणूस."