अण्णांची कवळी

मी दातांच्या कवळ्या बनवते. सोळा वर्षं झाली. दवाखान्यातून तोंडाचे ठसे येतात, सोबत चिठ्ठी असते. माणूस मला सहसा दिसत नाही. त्या सोमवारी चिठ्ठीवर अण्णांचं नाव होतं. वय चौऱ्याहत्तर, वरची-खालची पूर्ण कवळी.

अण्णा म्हणजे माझे वडील. आई गेली तेव्हा त्यांनी मला कळवलं नव्हतं. चौथ्या दिवशी शेजारच्या काकूंचा फोन आला, तोवर सगळं उरकलं होतं. त्याला आठ महिने झाले. मी रडले नाही, भांडलेही नाही. फक्त फोन करणं सोडलं. त्यांनीही केला नाही.

"दे इकडे, मी करतो," पलीकडच्या टेबलावरचा सहकारी म्हणाला. त्याला सगळं ठाऊक होतं.

"राहू दे. ठसाच तर आहे."

खरंच तेवढंच वाटत होतं. मेणात दात बसवले, त्याभोवती प्लास्टरचा साचा भरला, मेण वितळवून काढलं आणि त्या पोकळीत भरायला गुलाबी पावडरीत द्रव ओतला. पावडर म्हणजे आधीच जुळलेलं प्लास्टिक, बारीक मणी. द्रव म्हणजे त्याचेच सुटे कण, मोनोमर. ऊब लागली की एक कण उघडतो, शेजारच्याला धरतो, तो पुढच्याला, आणि हजारोंची साखळी होऊन सगळं टणक होतं. त्यालाच पॉलिमर म्हणायचं. प्लास्टिकच्या बादल्या, नळ, पिशव्यासुद्धा अशाच साखळ्या. फक्त कण वेगळे. पण ऊब हळूहळू द्यावी लागते. जुळताना कण स्वतःही तापतात. घाई केली की न जुळलेला द्रव आतल्या आत उकळतो.

हे मी झोपेतही सांगेन. तरी त्या दिवशी साचा थेट उकळत्या पाण्यात सोडला आणि खुर्चीत बसून राहिले. कवळी निघाली ती आतून बुडबुड्यांनी पोखरलेली.

सहकाऱ्याने ती उजेडात धरून पाहिली. "तुझ्या हातून असं कधी झालं नव्हतं," एवढंच म्हणाला.

दुसऱ्या दिवशी पुन्हा मेणापासून सुरुवात केली. या वेळी पाणी कोमट ठेवून हळूहळू तापवलं आणि आठ तास जागची हलले नाही.

आठवड्याने डॉक्टरबाईंचा फोन आला. "हिरडीला टोचतंय म्हणतात. तुम्हीच येऊन घासून द्याल का?"

दवाखान्यात अण्णा खुर्चीत बसले होते. गाल आत गेले होते. कवळी हातात घेऊन ते तिच्या कडा तपासत होते. जन्मभर रेडिओ दुरुस्त केलेले. वस्तू आतून कशी आहे हे कळल्याशिवाय त्यांना चैन पडत नाही.

"कशाची असते ही?"

मी सांगितलं.

"आणि काही कण सुटेच राहिले तर?"

"तोंड पोळतं."

त्यांनी मान हलवली. मग म्हणाले, "दवाखाना मुद्दाम हाच निवडला. काकू म्हणाल्या, इथलं काम तुझ्याकडे येतं."

"फोन करायचा होता ना."

"कुठल्या तोंडाने?"

बोलून गेल्यावर ते स्वतःच चपापले. हसलं कुणीच नाही.

"तेव्हा का नाही कळवलंत?" मी विचारलं.

"लोक सांगत होते ते करत होतो. इथे सही करा, तिथे बसा. तुला कळवायचंय, हे कुणी सांगितलं नाही."

मला राग येईल असं वाटलं होतं. आला नाही. वाईटही वाटलं नाही. मी मशीन चालू केलं, टोचणारी कड घासली, कवळी धुऊन त्यांच्या तोंडात बसवली.

"चावून बघा."

त्यांनी दात मिटले. "बरं आहे."

"गुरुवारी परत बघावं लागेल."

"येईन बसने."

"नको. मीच येते."

गुरुवारी घरी गेले. आईच्या खोलीकडे वळले नाही. स्वयंपाकघरात खिडकीपाशी त्यांना बसवून हिरडी पाहिली. लाल डाग पूर्ण गेला होता. आता काही करायचं उरलं नव्हतं.

"मग पुढचं कधी?" अण्णांनी विचारलं.

"रविवारी," मी म्हणाले, आणि चप्पल घातली.