धर्माजींची काळ कोरणारी छिन्नी

मित्रांनो, माझ्यावर आता गंज चढला आहे आणि माझी मूठही सैल झाली आहे. मी छिन्नी आहे. माकुणसारच्या एका लोहाराने होडीच्या जुन्या लोखंडी पट्टीतून मला घडवले आणि एडवणच्या धर्माजींच्या हाती दिले. त्या हातांत मी तीस वर्षे राहिले.

धर्माजी दगड किंवा लाकूड कोरत नसत. ते काळ कोरत. माणूस त्यांच्यासमोर बसून आपला एखादा दिवस सांगू लागला, की मधल्या लाकडी पाटावर तो दिवस साठू लागे. आधी धुक्यासारखा दिसे, मग साबणाच्या वडीसारखा घट्ट होई. धर्माजी माझ्या डोक्यावर हातोडी मारत आणि नको असलेला भाग छाटत. शेवटी हातात धरता येईल अशी एकच घटका उरे. तिच्यात हसू ऐकू येई, वाससुद्धा येई.

पण छाटलेला काळ परत मिळत नसे. कपचे संध्याकाळपर्यंत मिठासारखे विरघळत आणि माणसाच्या मनातूनही ते तास निघून जात. धर्माजी हे प्रत्येकाला आधी सांगत.

तारापूरच्या कारखान्यात काम करणारा रामकिसन एकदा आला होता. त्याची मुलगी गावी परत गेली होती. तिच्यासोबत घालवलेला एक रविवार त्याने सांगितला.

"फक्त एक घटका राहील. बाकी दिवस जाईल. चालेल?" धर्माजींनी विचारले.

"बिटिया की हँसी रहने दो, काका. बाकी ले लो."

मुलीच्या हसण्याची ती घटका छातीशी धरून तो उठला. दारात थांबून त्याने विचारले, "काका, उस दिन हम घूमने किधर गये थे?"

तरी लोक येतच राहिले. पालघरच्या प्रदर्शनात धर्माजींचा सत्कार झाला. खंडेनवमीला त्यांची बायको शैलाकाकू मला हळदकुंकू लावत, झेंडूचे फूल वाहत. मला फार अभिमान वाटे. मी कोणाचे काय छाटते आहे, याचा विचार तेव्हा मी केला नाही.

मागच्या वर्षी शैलाकाकूंना हिवताप झाला आणि तो डोक्यात चढला. त्यांची भाची जागृती हिने त्यांना बोईसरच्या इस्पितळात नेले. धर्माजीही गेले होते, पण दुपारीच एकटे परतले. डॉक्टर म्हणाले होते, "दोन दिवस काही सांगता येणार नाही."

ते पाटासमोर बसले. यावेळी सांगणारे तेच होते आणि कोरणारेही तेच. लग्नाच्या दिवसापासून त्यांनी सांगायला सुरुवात केली. अठ्ठावीस वर्षे साठली, पार आढ्याला टेकली.

"ती गेल्यावर एवढी वर्सं घेऊन मी काय करू?" ते स्वतःशीच म्हणाले. "एक घटका राहिली तरी बास हाय."

मला ओरडावेसे वाटले. पण हत्याराला तोंड नसते. मी मुद्दाम घसरले. त्यांचा अंगठा कापला. त्यांनी चिंधी गुंडाळली आणि पुन्हा हातोडी उचलली. मित्रांनो, त्या दोन दिवसांत मी या घरातली पहिली रात्र छाटली, भांडणे छाटली, रोजचे चहा छाटले. माझी धार तेव्हा फार चांगली होती.

शेवटी एक घटका उरली. सव्वीस वर्षांची शैला नागवेलीची पाने खुडताना पानमळ्यातल्या पाटाच्या पाण्यात घसरून पडली आहे आणि उठायचे सोडून हसत बसली आहे.

तिसऱ्या दिवशी शैलाकाकूंचा ताप उतरला. बाराव्या दिवशी जागृती त्यांना रिक्षाने घरी घेऊन आली. धर्माजी अदबीने उठले.

"या बाई, बसा. कोणत्या दिवसाचं काम हाय?"

"अहो, काय मस्करी करता? मी बरी झाले," काकू हसून म्हणाल्या. मग त्यांची नजर त्या घटकेत हसणाऱ्या स्वतःवर गेली. त्यांचा चेहरा उतरला. "ही कोण?"

"ठाव नाय. पण हिच्याकडं पायलं का जिवाला बरं वाटते."

जागृती रडत जमिनीवर कपचे शोधू लागली. तिथे एकही नव्हता. काकू मात्र रडल्या नाहीत. गिऱ्हाइकाच्या जागी बसून त्या लग्नाचा दिवस सांगू लागल्या. पाटावर धुके धरताच धर्माजींचा हात सवयीने माझ्याकडे आला. काकूंनी मला आधीच उचलले होते.

"आज हत्यार नाय. आज नुसतं ऐका."

त्यांनी मला पत्र्याच्या डब्यात टाकले, पण झाकण लावले नाही. काकू संध्याकाळपर्यंत सांगत राहिल्या. धर्माजींनी सगळे मन लावून ऐकले, हसण्याच्या जागी हसले, एकदा डोळेही पुसले.

मित्रांनो, हत्याराला पश्चात्ताप होतो, पण त्याचा उपयोग कोणालाच नसतो. तुम्हाला हात आहेत, तोंड आहे. कोणी भीतीपोटी आपले साधेसुधे दिवस छाटायला बसला, तर त्याचा हात धरा. मला तो धरता आला नाही.

उजेड कमी झाल्यावर धर्माजी उठले आणि हात जोडून काकूंना म्हणाले, "तुमचा नवरा नशीबवान हाय, बाई. आता घरी जा, वाट बगत असल."