दैत्य मरायचा राहिला

"मर ना एकदा," कान्हा हात जोडून म्हणाला.

"साइटवर नाय मरत मी," धनेश म्हणाला.

आमच्या सारसोळ्याच्या जत्रेतल्या नाटकात कान्हा कोळी देव होतो आणि धनेश दैत्य. मुकुटापुढे नारळ फुटला की कान्हा माणूस राहत नाही. शेवटच्या अंकात दैत्य मेला, आरती झाली, की देव उतरतो. सोपी पद्धत आहे. यंदा शेवटच्या अंकाआधी ट्रान्सफॉर्मर जळला, लोक घरी गेले आणि दैत्य सकाळी कामोठ्याला बिल्डिंग बांधायला गेला. देव तसाच राहिला.

देवाने मासे मारायचे नाहीत, हा गावाचा नियम. होडी किनाऱ्यावर वाळत पडली. दैत्य मेल्याशिवाय आरती नाही, असं म्हाताऱ्या कोंडिबांनी सांगून टाकलं. शेजारची सरोजिनी येऊन मुलीच्या लग्नाचं साकडं घालून गेली. घरात बायको शेवंताबाई वरणभात वाढून लांबूनच पाया पडायची. भांडायची नाही. कान्ह्याला त्याचंच जास्त टेन्शन. एकदा तो तिला म्हणाला, दोन शिव्या तरी दे. तिने देवाला शिव्या द्यायला साफ नकार दिला.

शेवटी आरतीचं ताट घेतलेल्या कोंडिबांना सोबत घेऊन तो कामोठ्यात पोचला.

"हितं मी शेठ हाय," धनेश दबक्या आवाजात म्हणाला. "गवंडी बघतान."

"होडीला भेगा पडल्यान, धनेश. पोरांना काय निवेद खायाला घालू?"

 धनेशने गॉगल काढला, पेजर आरतीच्या ताटात ठेवला आणि दैत्याचं हसू हसला. हातोहात जाणारी सिमेंटची घमेली थांबली. कान्ह्याने प्लॅस्टिकचा पाइप उचलून गदा म्हणून हाणला. धनेशचं मरण नेहमीच लांबतं. त्यात पेजर वाजला, तरी तो मरतच राहिला. शेवटी रेतीत आडवा झाला. कोंडिबांनी आरती केली.

गवंडी पुढे येऊन वाकले, तसे कान्ह्याने पाय मागे घेतले.

"आता नाय. उतरला."

ते थापी उचलून कामाला लागले. कान्ह्याकडे परत कुणी पाहिलं नाही.

धनेश अजून पडलेलाच होता. "कान्हा, कंबर धरली रं."

कान्हा उकिडवा बसला, त्याच्या काखेत हात घालून त्याला उभं केलं, आणि सफारीच्या पाठीवरचं सिमेंट झटकत राहिला.