आधी शब्द, मग पाणी

मालीच्या राजधानीत, बामाकोतल्या त्या संशोधन संस्थेत सकाळचा चहा अंगणातल्या आंब्याखाली होई. सरकारं तिथंच पडायची आणि तिथंच उभी राहायची. लष्करानं राष्ट्राध्यक्षाला उचलून नेलं, त्या दिवशीही चहा चुकला नव्हता. उलट एक फेरी जास्त झाली होती.

संस्थेचे प्रमुख प्राध्यापक शेखने दुकुरे. सत्तापालट, सीमेवरची सुरक्षा, शेजारी देशांचे डाव, काहीही निघालं की रेडिओवाले यांनाच गाठणार. हातुमा दुकुरे त्यांच्या हाताखाली प्रबंध लिहीत होती. आडनाव एक, गावही एकच, सिलाकोरे. त्यामुळे नवखे लोक विचारत, ही तुमची मुलगी का? प्राध्यापक हसून म्हणत, "आमच्याच घरातली समजा."

खोटं नव्हतं. हातुमाच्या पणजीला त्यांच्या पणजोबानं मिठाची लादी देऊन बाजारातून आणलं होतं. मालकाचं आडनाव तेव्हाच चिकटलं, गुराच्या पाठीवर डाग चिकटतो तसं.

त्या दिवशी चहा झाल्यावर प्राध्यापकांनी तिच्या प्रबंधाचं एक प्रकरण परत दिलं. सीमाभागात राज्यसत्ता कुठवर पोचते, हा तिचा विषय. तिनं लिहिलं होतं की रानातले बंदूकवाले गावातल्या नेमक्या कोणत्या पोरांना फितवतात ते पाहा. ज्यांना गाव 'कोमे' म्हणतं, म्हणजे गुलाम म्हणतं, त्यांना. हातात बंदूक आली की 'ए, पाणी आण' असं कुणी म्हणत नाही. सरकार रानात शत्रू शोधतंय आणि तो घडतोय पाणवठ्यावर.

'कोमे' शब्द दिसेल तिथं लाल रेघ होती. वर लिहिलं होतं, 'पारंपरिक नाती'.

"बाळ, तो शब्द कायद्यानं मेलाय," प्राध्यापक मायेनं म्हणाले. "मेलेल्याला कशाला उठवतेस? परिषदेला बाहेरचे पाहुणे येणार." मग आठवल्यासारखं करून त्यांनी सांगितलं की बाजरी कापून झाली की गावी त्यांच्या मुलीचं लग्न आहे. पाणी आणि रांधणं न्यूमाकडेच. तिच्या हातची चव दुसऱ्या कुणाला नाही.

न्यूमा म्हणजे हातुमाची आई.

हातुमानं तिला फोन लावला. आईनं सरळ सांगितलं, यंदा जाणार नाही. हातुमाला वाटलं, गुडघे धरले असतील.

"गुडघं जन्मापासनं दुखत्यात," न्यूमा म्हणाली. "शेजारीण म्हणून बोलावलं असतं तर चार हंडे जास्तीचे भरले असते गं. पण निरोप आला, कोमेंना धाडा. मी म्हनलं, त्या नावाची बाई हितं राहत न्हाई."

हातुमा हसली, आणि लगेच घाबरली. या वेळेपुरती जा, प्रबंधावर त्यांची सही व्हायचीय, असंही ती बोलून गेली.

"सही तू घे. माझं तोंड मागू नको," आई म्हणाली, आणि बाजरी कांडायला गेली.

लग्न झालं. पाणी दुसऱ्यांनी भरलं, बैल दुसऱ्यांनी कापला. पाहुणे तृप्त होऊन गेले. पण गावाच्या घशात काटा राहिला. शुक्रवारच्या नमाजानंतर मशिदीजवळच्या झाडाखाली बैठक बसली आणि न्यूमाला बोलावणं गेलं. गावचा मुख्य जाजे हा प्राध्यापकांचा थोरला भाऊ. तो ओरडला नाही. असली माणसं ओरडत नाहीत, त्यांना गरज पडत नाही.

"एवढा एकच शब्द, न्यूमे," जाजे म्हणाला. "मी कोमे आहे म्हण, आन् जा घरी."

"जाजेभाऊ, तुमच्या बापाची कबर माझ्या नवऱ्यानं खणली. तुमच्या आईला शेवटचं न्हाऊ मी घातलं. तवा शब्द लागला न्हाई. आताच का?"

"आता तुमच्या पोरी शिकायला लागल्या म्हणून."

न्यूमा उठून घरी गेली. ती कबूल झाली नाही, एवढाच तिचा गुन्हा.

दुसऱ्या दिवसापासून दुकानदार तिला मीठ देईना. वाटेत सलामाला कुणी उत्तर देईना, आणि त्या मुलखात सलाम न घेणं म्हणजे माणसाला जिवंतपणी पुरणं. गावच्या पाण्याच्या पंपाला साखळी घालून कुलूप लागलं. किल्लीवाला तिचा हंडा पायानं बाजूला सारून म्हणे, "आधी शब्द, मग पाणी." सीमेवर गस्त घालणारी सरकारी जीप रोज त्याच पंपावर थांबे. जवान पोटभर पाणी पीत. न्यूमानं जमादाराला गाऱ्हाणं सांगितलं. हा तुमचा घरगुती मामला, तो म्हणाला, बंदूकवाले दिसले तर मात्र लगेच कळवा. राज्यसत्ता कुठवर पोचते? पंपापर्यंत पोचते. हंड्यापर्यंत पोचत नाही.

हातुमा प्राध्यापकांकडे धावली. त्यांनी खुर्ची दिली, चहा दिला. थोरल्या भावाला आपण काय सांगणार, म्हणाले. "न्यूमानं म्हणून टाकावं आणि मोकळं व्हावं. शब्दच तर आहे."

हातुमानं चहाला हात लावला नाही. जो शब्द मुलीनं लिहायचा नव्हता, तोच आईनं तोंडानं म्हणायचा होता. माणूस एकच, लाल पेनही त्याचाच.

न्यूमा नदीच्या कोरड्या पात्रात वाळू उकरून पाणी काढू लागली. एका सकाळी जाजेच्या वाड्यातले तरुण काठ्या घेऊन आले. वाळूसुद्धा गावाची आहे, असं त्यांनी तिला सांगितलं. ती सापडली तेव्हा वाकलेलीच होती, हात खड्ड्यात. खड्ड्यात पाणी साचलं होतं, अगदी नितळ.

जीप आली. पडून मेली, असं लिहिलं गेलं. कबरस्तानात जागा नाही, गावानं कळवलं. ज्या बाईच्या नवऱ्यानं अर्ध्या गावाच्या कबरी खणल्या, तिला बाजरीच्या धसकटात पुरलं. पुरायला तिच्यासारखीच वाळीत पडलेली चार घरं होती आणि हातुमा.

महिन्याभरानं परिषद भरली. मंत्री आले, गणवेशातले अधिकारी आले, बाहेरचे पाहुणे आले. अध्यक्षस्थानी प्राध्यापक दुकुरे. हातुमाचं नाव पुकारताना त्यांनी चष्मा काढून पुसला. तिच्यावर दुःख कोसळलंय, म्हणाले, ती आमच्याच घरातली आहे.

हातुमा वाचू लागली. पहिल्या लाल रेघेशी आली आणि थांबली.

"सर, इथं तुम्ही एक शब्द खोडलाय," ती म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. "माझ्या आईनं तो म्हटला नाही म्हणून तिला मारलं. तुम्ही मला सांगितलंत, शब्दच तर आहे. मग तुम्ही म्हणा. माझी आई तुमच्या घरची कोण होती, या सगळ्यांसमोर, या माईकवर."

पुढच्या रांगेतल्या मंत्र्यानं घड्याळ पाहिलं. कुणीतरी खोकलं. प्राध्यापकांनी माईक जवळ ओढला. मग त्यांनी समोरच्या पाण्याच्या पेल्याकडे हात नेला.

हातुमा दोन पावलं पुढे आली आणि तिनं पेल्यावर आपला तळहात ठेवला.

"आधी शब्द," ती म्हणाली. "मग पाणी."