पत्रांच्या पाठीवरचं नाटक

मी एक जुना दांडका आहे. पण काठी म्हणून मला हिणवू नका, मित्रांनो! रंगमंचावरच्या एका आडव्या लाकडातून मला कापलं, मुठीला लाल मखमल ठोकली आणि फ्रान्समधल्या लिमोज गावच्या एका छोट्या नाटकघरात ठेवलं. तुमच्याकडे तिसरी घंटा होते ना, तसे आमच्याकडे माझे तीन ठोके. ते पडल्याशिवाय पडदा हलत नाही.

विंगेत माझ्याशेजारी आन्सेल्म उभा असे. बावीस वर्षं त्याने नोकराचंच काम केलं. तबकातून पत्र आणायचं, "बाईसाहेब, पत्र आलंय," म्हणायचं आणि आत जायचं.

"काय पोस्टमन, आज काय खबर?" बाकीचे नट चिडवत. तोही हसे.

पण त्याचा एक नेम होता. त्या खोट्या पत्रांच्या पाठीवर स्वतःच्या नाटकाच्या चार ओळी लिहिल्याशिवाय तो तोंडात घास घालत नसे. लिहिलेली पत्रं तो सामानाच्या पेटीतच परत ठेवी. शेवटची ओळ झाली त्या दिवशी त्याने मला थोपटलं. "आता माझ्या नाटकाला ठोके द्यायचे बरं का, दांडोबा!"

सोमवारी खेळ नव्हता. तो पत्रं न्यायला आला, तर पेटी रिकामी. सामान सांभाळणाऱ्या ओदीलबाई विंगेतल्या लोखंडी शेगडीपाशी बसून नवे कागद कापत होत्या.

"बाई, पेटीतली पत्रं कुठायत?"

"ती होय? पिवळी पडली होती मेली. घातली शेगडीत. नवी बघ कशी पांढरीशुभ्र!"

"सगळी?"

"सगळी. अरे, नाटकातली पत्रं कोरीच असतात. उलटून कोण बघतं?"

"माझं नाटक होतं त्यांच्या पाठीवर."

ओदीलबाईंच्या हातातली कात्री खाली पडली. त्यांनी शेगडीचं दार उघडलं. आत नुसती राख. मी तर लाकूड, आगीचं भय मला जन्माचं. पण देवाशपथ सांगतो, मित्रांनो, त्या घटकेला वाटलं, त्या पत्रांऐवजी मलाच का नाही घातलं?

 मग ओदीलबाईंनी मला उचललं.

"आठवतं तेवढं म्हण."

"ऐकायला आहे कोण?"

"मी आहे ना, मेल्या!"

आणि त्यांनी ठोके दिले. एक, दोन, तीन.  आन्सेल्म रिकाम्या रंगमंचावर गेला आणि बोलू लागला. ओदीलबाई पांढऱ्याशुभ्र पत्रांवर उतरवून घेत होत्या. जिथे आठवेना, तिथे तो थांबे. "इथलं पत्र जळलं," म्हणे आणि पुढे जाई. कितीदा म्हणाला, मी मोजलं नाही.

ते नाटक पुढे कधीच लागलं नाही. आता ठोक्यांऐवजी विजेची घंटा वाजते, आणि मी कपाटात असतो. ओदीलबाईंनी लिहिलेली ती पत्रं माझ्याभोवतीच गुंडाळलेली आहेत. मित्रांनो, एवढंच मागणं आहे. कुठलाही कागद आगीत टाकण्याआधी एकदा उलटून बघा.